केलेल्याची जाण

सज्जनहो, रोजच्या संसारात एक प्रश्न आपणा सर्वांना पडतो. सकाळी उठावे, पाणी भरावे, झाडलोट करावी, शेताला जावे किंवा दुकान उघडावे, संध्याकाळी थकून परतावे. आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. या रहाटगाडग्यात उमेद कोठून आणावी? वारीच्या वाटेवर, कीर्तनाच्या रंगात, टाळ-मृदंगाच्या गजरात मन भरून येते हे खरे. पण एकादशी झाली, द्वादशीचे पारणे सुटले, की त्रयोदशीला पुन्हा तीच घागर आणि तेच औत. या त्रयोदशीला पुरेल असे काही आहे काय?

आहे. ते विकत घ्यावे लागत नाही, त्यासाठी घर सोडावे लागत नाही. त्याला कृतज्ञता म्हणतात. पण हा शब्द आपण इतका सहज वापरतो की त्याचा अर्थ झिजून गेला आहे. सत्कार-समारंभाच्या शेवटी कोणी उभा राहतो, पाच-पंचवीस नावे वाचतो, आणि लोक चपला शोधू लागतात. एवढ्यालाच आपण आभार म्हणतो. म्हणून आज या शब्दाचा थोडा विचार करू, आणि आपल्या लातूर-नांदेडच्या मुलखात तो प्रत्यक्ष कसा घडला तेही पाहू.

शब्दाचा विचार

'कृत' म्हणजे केलेले आणि 'ज्ञ' म्हणजे जाणणारा. जो केलेले जाणतो तो कृतज्ञ. या शब्दात 'बोलणारा' कोठेच नाही, हे ध्यानात घ्यावे. तोंडाने गोड बोलणे हा पुढचा भाग. आधी जाणणे आहे. कोणी केले, कसे केले, त्याला त्यासाठी काय पडले, हे ज्याला ठाऊक नाही त्याने शंभर वेळा हात जोडले तरी तो कृतज्ञ होत नाही. उलट शब्द कृतघ्न. केलेल्याचा घात करणारा. आणि घात करण्यासाठी फार काही करावे लागत नाही, नुसते विसरले तरी पुरते.

आपली मराठी या बाबतीत मोठी चोखंदळ आहे. उपकार 'फेडायचे' असतात, ऋण 'मानायचे' असते, आणि शेवटी 'उतराई' व्हायचे असते. सगळी भाषा देण्या-घेण्याची. म्हणजे केलेल्याची जाण मनात येऊन थांबत नाही, ती हातात उतरते. जाणणे, आठवण ठेवणे आणि करणे अशा तिच्या तीन पायऱ्या आहेत. यांतली मधली पायरी सर्वांत निसरडी.

दृष्टांत : सुग्रीवाचा पावसाळा

वाल्मीकींच्या रामायणात किष्किंधाकांडात याचे फार चांगले उदाहरण आहे. वालीच्या भयाने सुग्रीव डोंगरात दडून राहिला होता. प्रभूंनी वालीला मारले, सुग्रीवाला राज्य मिळाले. सीतामाईच्या शोधासाठी मदत करीन हा त्याचा शब्द होता. पण पावसाळा लागला, वाटा बंद झाल्या, तेव्हा चार महिने थांबायचे ठरले. पावसाळा सरला, आभाळ निवळले, नद्या पायउतार झाल्या. आणि सुग्रीव? तो आपल्या सुखात दंग. वास्तविक त्याच्या मनात पाप नव्हते. प्रभूंचे वाईट व्हावे असे त्याला वाटत नव्हते. तो फक्त विसरला होता.

मारुतीरायांनी त्याला आठवण दिली; मग लक्ष्मण क्रोधाने किष्किंधेच्या दारात आला, आणि इतर पातकांना प्रायश्चित्त आहे पण कृतघ्नाला नाही असे त्याने बजावले. तारेने समजूत घातली. सुग्रीव भानावर आला. भानावर आल्यावर त्याने काय केले, हे पाहण्यासारखे आहे. तो नुसता रडत बसला नाही, स्तुतीही करीत बसला नाही. त्याने वानरांना चारी दिशांना धाडले. आठवण जागी झाली आणि त्याच वेळी काम सुरू झाले. पुढचे सगळे रामायण, समुद्र ओलांडणे आणि सेतू बांधणे, या एका आठवणीतून उभे राहिले आहे.

मंडळी, पावसाळ्याआधी दिलेला शब्द पावसाळ्यानंतर विसरणे ही गोष्ट किष्किंधेपुरती नाही. ती आपल्या मांजरेच्या काठावरही घडते. आता तिकडे येऊ.

साडेसहा लिटर पाणी

लातूर शहराला पाणी मिळते ते मांजरा नदीवरच्या धनेगाव धरणातून. २०१४ आणि २०१५ अशी लागोपाठ दोन वर्षे पावसाने डोळे वटारले आणि धरण कोरडे पडले. २०१६ च्या मार्च महिन्यात अशी पाळी आली की पाण्याच्या टाक्या आणि टँकर भरण्याच्या जागा येथे भांडणे होऊ नयेत म्हणून जमावबंदीचा हुकूम काढावा लागला. पाण्यापाशी माणसांनी घोळक्याने जमू नये! ज्या पाणवठ्यावर आपल्या आयाबायांनी पिढ्यानुपिढ्या सुखदुःखे सांगितली, त्या पाणवठ्याची ही गत.

मग आगगाडीने पाणी आणायचे ठरले. राजस्थानातील कोट्याच्या रेल्वे कारखान्यात वाघिणी वाफेने धुऊन स्वच्छ केल्या. त्या मिरजेला आल्या. तेथे कृष्णेचे पाणी त्यांत भरले. ११ एप्रिल २०१६ रोजी दहा वाघिणींची गाडी मिरजेहून सुटली आणि १२ एप्रिलच्या पहाटे लातूरला पोचली. एका वाघिणीत सुमारे ५० हजार लिटर, म्हणजे सगळे मिळून ५ लाख लिटर. पुढे पन्नास वाघिणींची गाडी धावू लागली, एका खेपेला २५ लाख लिटर. सुमारे ३४० किलोमीटरची ही वाट आहे, आणि वारकऱ्याने लक्षात ठेवावे असे, ती पंढरपूरवरून जाते. पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी करीत कृष्णामाई मांजरेच्या घरी आली. जुन्या बार्शी लाईट रेल्वेचे अरुंद रूळ या वाटेवर होते. ते बदलून रुंद केले म्हणून एवढी जड गाडी येऊ शकली. अशा शंभराहून अधिक फेऱ्या झाल्या.

आता हिशेब करू. २०११ च्या जनगणनेत लातूर शहराची वस्ती सुमारे ३ लाख ८३ हजार होती. २५ लाख लिटर पाणी इतक्या माणसांत वाटले तर दर माणशी साडेसहा लिटर येते. अर्धी घागर. त्यात पिणे, स्वयंपाक, लेकराचे तोंड धुणे. अर्ध्या घागरीत अंघोळ होत नाही, घर सारवले जात नाही, गुराची तहान तर भागतच नाही.

पण त्या अर्ध्या घागरीला किती हात लागले होते! कोट्याला वाघिणी घासणारे हात. मिरजेला रात्रंदिवस नळ्या जोडणारे हात. गाडी हाकणारा, झेंडी दाखवणारा, भर उन्हात रूळ तपासत चालणारा. कृष्णेच्या काठचा शेतकरी, ज्याच्या नदीतून हे पाणी उचलले गेले. लातूर स्टेशनात ते उतरवून घेणारे, शुद्ध करणारे, टँकरने वस्तीत पोचवणारे. यांतल्या एकाचेही नाव पाणी पिणाऱ्याला ठाऊक नव्हते, आणि आपण भरलेले पाणी कोणाच्या घशाखाली उतरणार हे यांतल्या एकालाही ठाऊक नव्हते.

शंका आणि समाधान

येथे कोणी म्हणेल, 'अहो, हे सगळे पगारी नोकर. कर आम्ही भरतो, टँकरचे पैसे आम्ही मोजले. मग उपकार कसले?' घरोघरी हे बोलणे निघतेच. नातू म्हणतो, 'आज्जी, पैसे दिल्यात की आपण टँकरला.' आणि म्हातारी म्हणते, 'पैसे दिले म्हणून मोटार दारात आली रे बाबा. पाणी काय पैशानं झालंय व्हय?'

म्हातारीचे बोलणे शास्त्राला धरून आहे. पैशाने वस्तूची किंमत चुकती होते. ती वस्तू आपल्यापर्यंत पोचावी म्हणून कोणी जीव ओतला, त्याची किंमत त्यात येत नाही. ज्या दिवशी आडात थेंब नसतो त्या दिवशी खिशातल्या नोटा भिजवून घसा ओला होत नाही. शिवाय पगारी माणूस काम दोन तऱ्हांनी करू शकतो, वेळ भरून काढण्यासाठी किंवा पाणी पोचलेच पाहिजे म्हणून. दुसऱ्या तऱ्हेने करणाऱ्याचे देणे पगारात भागत नाही. ते जाणीवच भागवू शकते.

दुसरी शंका याहून जड आहे. 'मराठवाड्यात कर्जापायी शेतकऱ्याने जीव दिल्याच्या बातम्या नित्य येतात. सोयाबीनला भाव नाही, पाऊस वेळेवर नाही. अशा माणसाला तुम्ही कृतज्ञ राहा म्हणून सांगणार?'

नाही. उपाशी माणसाला समाधानाचे पुराण सांगू नये. आधी भाकरी द्यावी. कृतज्ञता म्हणजे अन्यायाला मान तुकवणे नव्हे. धरण का आटले, पाणी कोणत्या पिकाने प्यायले, जमिनीखालचे पाणी किती खोल गेले, हे प्रश्न विचारलेच पाहिजेत. किंबहुना ज्याला पाण्याची खरी जाण आहे तोच ते विचारील. ज्याला पाणी फुकटचे वाटते तो कशाला विचारतो? आणि ज्याच्या घरात संकट आहे त्याला 'देवाचे आभार मान' असे दाराबाहेरून सांगून निघून जाणारा माणूस परमार्थी नव्हे. दुःखाचे आभार मानायचे नसतात. दुःखात जे हात पुढे आले त्यांची आठवण ठेवायची असते. हा भेद नीट कळला नाही तर कृतज्ञतेचा उपदेश निर्दयपणा होतो. तो कसा कळावा, याचे उदाहरण लातूर जिल्ह्यातच आहे, आणि ते फार मोठे आहे.

किल्लारी ते कच्छ

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी. गणपतीचे विसर्जन करून लोक उशिरा झोपले होते. पहाटे चारला चार मिनिटे कमी असताना भूकंप झाला. लातूर जिल्ह्यातील किल्लारी, उस्मानाबाद (आताचा धाराशिव) जिल्ह्यातील सास्तूर आणि आसपासची गावे उद्ध्वस्त झाली. दगड-मातीच्या जाड भिंती आणि वर मातीचे जड माळवद. उन्हाळ्यात गारवा देणारी घरेच झोपलेल्या माणसांवर कोसळली. निरनिराळ्या नोंदींप्रमाणे आठ ते दहा हजारांच्या दरम्यान माणसे गेली. कित्येक घरांत रडायलाही कोणी उरले नाही.

किल्लारीच्या माणसाला त्या दिवशी 'तू वाचलास, आभार मान' असे म्हणण्याची कोणाची छाती होती? तसे म्हणूही नये. पण त्या चिखलात देशभरातून माणसे आली. जवानांनी ढिगारे उपसले. कोणी भाकरी आणल्या, कोणी कांबळी. भारतीय जैन संघटनेने सुमारे १,२०० लेकरांना पुण्याला नेऊन त्यांच्या शिक्षणाची सोय केली. जागतिक बँकेच्या साहाय्याने सरकारने पुनर्वसनाचा मोठा कार्यक्रम हाती घेतला. ५२ गावे नव्या जागी वसवली गेली, आणि बाकीच्या कितीतरी गावांत घरांची दुरुस्ती व मजबुती करण्याचे काम निघाले.

या दुरुस्तीच्या कामात एक नवी गोष्ट झाली. 'स्वयं शिक्षण प्रयोग' या संस्थेच्या पुढाकाराने हजाराहून अधिक गावांत गावच्याच स्त्रिया 'संवाद सहायक' म्हणून उभ्या राहिल्या. ज्या बाईने कधी सभेत तोंड उघडले नव्हते ती दारोदार जाऊन सांगू लागली की सरकारची मदत अशी मिळते, भिंत अशी बांधून घ्या म्हणजे पुन्हा कोसळणार नाही. स्वतः दुःखातून उठलेल्या बायका शेजारणीला उठवू लागल्या.

पुढे २६ जानेवारी २००१ रोजी गुजरातेत कच्छमध्ये भूकंप झाला. तेव्हा लातूर-उस्मानाबादच्या या बायकांपैकी काही जणी कच्छला गेल्या. भाषा निराळी, पेहराव निराळा. पण ढिगाऱ्यापुढे बसलेल्या बाईला काय वाटते हे त्यांना कोणी शिकवावे लागले नाही. आमची घरे पडली होती, ती पुन्हा अशी उभी राहिली, त्यात आम्ही हे हे केले, असे त्यांनी तिथल्या बायकांना सांगितले. २००४ च्या त्सुनामीनंतर हाच अनुभव तमिळनाडूच्या किनाऱ्यापर्यंत पोचला.

सज्जनहो, उतराई होणे म्हणतात ते हे. ज्या जवानाने ढिगारा उपसला, ज्या अनोळखी माणसाने भाकरी पाठवली, त्याला ती बाई शोधणार कोठे? त्याचे देणे त्याला परत करता येत नाही. म्हणून ते पुढच्याला द्यायचे. कच्छच्या बाईने लातूरचे काही केले नव्हते. तरी लातूरची बाई तिच्यासाठी गेली, कारण कोणीतरी एके काळी असेच तिच्यासाठी आले होते. ज्याने दिले त्यालाच फेडायचे म्हटले तर ऋण दोघांत अडकते. पुढे दिले तर ते वाहते राहते. आणि वाहत्या ऋणात माणसाला उठवण्याचे बळ असते, हे या बायकांनी दाखवले. प्रेरणा म्हणतात ती दुसरी कोणती?

लातूर शहरातही २०१६ च्या उन्हाळ्यात असेच काही घडले. बाहेरून गाडीने पाणी येत असताना नागरिक हातावर हात ठेवून बसले नाहीत. लोकवर्गणी काढून त्यांनी मांजरा नदीच्या पात्रातला गाळ काढण्याचे, पात्र खोल-रुंद करण्याचे काम चालवले. त्या पावसाळ्यात पाऊसही चांगला झाला आणि धनेगावचे धरण भरले. सुग्रीवाची कसोटी पावसाळ्यानंतर लागली, तशीच आपलीही. नळाला पाणी आल्यावर साडेसहा लिटरचा हिशेब कितींच्या ध्यानात राहिला, हे ज्याने त्याने आपल्या घरातल्या गळक्या तोटीकडे पाहून ठरवावे.

नांदेडची पंगत

जाण मनात येते आणि काम उद्यावर राहते. मध्ये विसर शिरतो. हा विसर शिरू नये अशी योजना नांदेडात गोदावरीकाठी पाहायला मिळते. १७०८ साली गुरु गोविंदसिंग यांनी नांदेडला देह ठेवला, आणि त्यापूर्वी ग्रंथसाहिबालाच गुरू मानावे असे सांगितले. त्या ग्रंथात आपल्या नामदेवरायांची ६१ पदे आहेत. परंपरेने नामदेवरायांचे जन्मगाव मानली जाणारी नरसी नांदेडपासून लांब नाही, हिंगोली जिल्ह्यात आहे. एवढे जवळचे नाते असूनही आपल्यातले कितीतरी जण हजूर साहिबाच्या लंगरमध्ये एकदाही बसलेले नसतात.

तेथे येईल त्याला जेवण मिळते. जात, गाव, हुद्दा कोणी विचारीत नाही. पण पाहण्यासारखी गोष्ट जेवणानंतरची आहे. जेवून उठलेला माणूस भांडी घासायला बसतो, लसूण सोलतो, पोळ्या लाटतो, पुढच्या पंगतीला पाणी वाढतो. घेणारा तेथल्या तेथे देणारा होतो. कृतज्ञता घरी नेऊन ठेवायची सोयच नाही. हात धुतले की लगेच ती कामाला लागते.

आपल्या वारीत तरी निराळे काय आहे? वाटेवरच्या गावात अनोळखी माउली दिंडीला पिठले-भाकरी वाढते, पाय दाबायला धावते. तिचे नाव आपण विचारीत नाही. मग परत आल्यावर आपल्या दारावरून दुसरी दिंडी जाताना आपण घागर घेऊन पुढे होतो की दार लोटून घेतो, यावर वारी पावली की नाही हे ठरते.

मातीची आठवण : येळवस

लातूर-धाराशिवच्या भागात वेळा अमावस्या, म्हणजे आपली येळवस, मार्गशीर्षात येते. शहरे ओस पडतात, सगळे लोक रानात. शिवारात कडब्याची कोप करून पांडवांची पूजा होते, ज्वारी-हरभरा उभा असतो, आंबील, भज्जी, उंडे यांचा बेत असतो. ज्या जमिनीने वर्षभर पोसले तिच्या दारी जाऊन जेवायचे, हा त्याचा अर्थ. आणि ज्याला शेत नाही त्याला आवर्जून बोलवायचे. आपल्या शेतात परका जेवला तरच येळवस गोड लागते. आपल्या पूर्वजांनी कृतज्ञतेवर ग्रंथ लिहिले नसतील, पण तिची तिथी नेमून ठेवली. कारण त्यांना ठाऊक होते, की मनावर सोडले तर माणूस विसरतो.

नित्याचा अभ्यास

तिथी वर्षातून एकदा येते. पोट रोज लागते. म्हणून रोजचा थोडा अभ्यास सांगतो. फार नाही, ज्याला जमेल त्याने जमेल तितका करावा.

१. सकाळचा पहिला तांब्या पिताना, हे पाणी कोठून आले आणि कोणाच्या हाताने आले, एवढे मनात आणावे. नुसते 'देवाने दिले' म्हणून थांबू नये. देवाने कोणाच्या हातून दिले ते शोधावे.

२. जेवताना ताटातल्या एका पदार्थाचा माग काढावा. भाकरीची ज्वारी कोणी पेरली, खुडली, दळली, थापली. घरात जी माउली रोज चुलीपुढे बसते तिला वर्षातून एकदा तरी सांगावे की कळते आहे. पुष्कळ घरांत जगाचे आभार मानले जातात आणि हीच तेवढी राहून जाते.

३. रात्री हरिपाठ झाल्यावर, आज आपल्यासाठी ज्याने काही केले अशा एका माणसाचे नाव घ्यावे. रोज नवे नाव घ्यावे. नाव ठाऊक नसेल तर दुसऱ्या दिवशी विचारावे. झाडूवाल्याचे, पाणी सोडणाऱ्याचे, एस. टी. च्या वाहकाचे.

४. आणि नाव घेतले की त्यापोटी एक लहान काम उद्यासाठी ठरवावे. ते त्याच माणसासाठी असावे असे नाही. शेजारच्या लेकराला अर्धा तास शिकवणे, गळती तोटी बांधणे, बांधावर एक झाड लावणे, आजाऱ्याची विचारपूस करणे. काम ठरले की उद्याच्या उठण्याला कारण मिळते.

हा चौथा नेम मुख्य. पहिले तीन केले आणि चौथा केला नाही, तर कृतज्ञता गोड वाटून विरून जाते. चौथा केला तर सकाळी डोळे उघडताना मनात 'पुन्हा तेच' असे येत नाही. 'आज अमक्याचे देणे द्यायचे आहे' असे येते. ज्याला देणे आहे तो बसून राहत नाही. सावकाराचे देणे माणसाला खाली दाबते, आणि उपकाराचे देणे त्याला उभे करते. दोन्ही ऋणेच, पण एकाने झोप उडते आणि दुसऱ्याने आळस.

तात्पर्य

आपण नामस्मरणाला 'आठव' म्हणतो. ज्याला नामाचा आठव ठेवायचा अभ्यास आहे, त्याला माणसांचा आठव ठेवणे जड जाऊ नये. आणि ज्याला माणसांचा आठव नाही, त्याच्या नामाचे काय समजावे, हे ज्याचे त्याने पाहावे. येत्या एकादशीला उपवास धराल तेव्हा ज्या गावाने कधी तुम्हांला भाकरी घातली त्या गावाची आठवण करा. आणि त्रयोदशीला, दिवस उजाडताच, कोणासाठी तरी एक घागर जास्त भरा.

रामकृष्ण हरि.